दोन धुरकट चेहरे

वर्तमानपत्राच्या कचेरीत तिचं नाव टोचणी पडलं ते पहिल्याच वर्षी. तिच्याकडे सदर होतं 'आजचे कार्यक्रम'. कुठे व्याख्यान, कुठे उद्घाटन, कोण फीत कापणार, एवढं लिहायचं आणि घरी जायचं. हिने एका बालकाश्रमाच्या उद्घाटनाची बातमी लिहिताना खाली एक ओळ जोडली की फीत कापली तेव्हा आत एकही अनाथ मूल नव्हतं, टाळ्या वाजवायला शेजारच्या शाळेची मुलं आणली होती. संपादकाने ओळ खोडली आणि तिला बोलावून घेतलं.

"मुलं कुणाची, हे तुला कुणी विचारलं होतं का?"

"कुणीच विचारलं नव्हतं, म्हणून मी विचारलं."

तेव्हापासून ती टोचणी. हा संपादक मोठ्या माणसाचा फोन आला की खुर्चीतून अर्धा उठून बोलायचा, फोनमधून आपण दिसतो अशी त्याची समजूत असावी. अशा माणसाने ठेवलेलं नाव तिने आनंदाने वागवलं. त्याच्याबद्दल तिला जी तुच्छता वाटायला लागली ती मात्र पुढे कधी कमी झाली नाही, उलट त्याच्यासारखे जितके भेटत गेले तितकी ती वाढतच गेली.

बातमी जागेत मावली नाही तर खालून कापतात, हा त्या धंद्याचा रिवाज. टोचणीच्या लक्षात आलं की आपल्या बातमीतली खरी गोष्ट नेमकी खालीच असते आणि नेमकी तीच जागेअभावी जाते. तिने खरी गोष्ट वर घ्यायला सुरुवात केली. मग त्यांनी वरून कापायला सुरुवात केली. गटारात उतरणाऱ्यांच्या बातमीतून गटार गेलं, वीटभट्टीच्या बातमीतून भट्टीचा मालक गेला. एकदा तर तिच्या नावाने फक्त हवामानाचं वर्णन छापून आलं. त्या दिवशी तिने राजीनामा दिला आणि साठवलेल्या पैशातून कॅमेरा घेतला.

"म्हणजे आता करणार काय?" आईने विचारलं.

"माहितीपट."

"ते काय असतं?"

"खरी माणसं, खरी गोष्ट. नाचगाणं नाही."

"मग बघणार कोण?" आई म्हणाली. "त्यापेक्षा लग्नाचं शूटिंग कर. लोक हसतात तरी त्यात."

टोचणीचा नवरा शाळेत गणित शिकवायचा. घरात फार बोलायचा नाही. त्याने कॅमेऱ्याची पावती पाहिली, चष्मा पुसला आणि म्हणाला, "वीज, भाडं आणि दूध माझ्या पगारात बसतं. अन्याय तुझ्यात बसव." लग्नानंतर त्याने केलेला हा सगळ्यात लांब विनोद होता, आणि संसार त्यावर चालला.

पुढे तिने बरेच माहितीपट केले आणि तिला बक्षिसंही मिळाली. बक्षीस म्हणजे काचेचा एक जड ठोकळा. तिच्या घरी त्यातला एक दाराला अडसर म्हणून होता, दुसऱ्यावर आई मिरे कुटायची. या महोत्सवांइतकं तिला कशाचंच हसू येत नसे. गार हवेच्या सभागृहात माणसं अन्याय बघायला येत, अंधारात नाक ओढत, दिवे लागले की हातात बशी घेऊन तिच्याभोवती जमत. "तुम्हाला भीती नाही वाटली?" असं एकजण विचारे. "कॅमेरा कोणता?" असं दुसरा. एक बाई तर दरवर्षी रडायच्या आणि दरवर्षी तेच म्हणायच्या, "किती सुंदर दाखवलंय हो सगळं!" पडद्यावरच्या माणसाचं पुढे काय झालं, हे कुणी विचारलेलं तिला तरी आठवत नाही. ती नमस्कार करून निघून येई आणि घरी येऊन त्या सगळ्यांच्या नकला करून दाखवी. नवरा वह्या तपासता तपासता हसे.

तिची स्वतःची एक पद्धत होती. माहितीपट तयार झाला की पहिला खेळ त्यातल्या माणसांसाठी, त्यांच्याच घरात. ज्याला वाटेल त्याने म्हणायचं, हे वाक्य काढा, मला काढा. टोचणी काढायची. वाहिनीवाले हसायचे, म्हणायचे, मग स्वयंपाक्याने आधी वांग्याला विचारावं काय. पण ही पद्धत तिने सोडली नाही. कालांतराने या पद्धतीत एक छोटीशी पळवाट मात्र पडली. ज्यांचा चेहरा झाकायचा त्यांना ती आधी दाखवेनाशी झाली. ज्याला कुणी ओळखणारच नाही त्याची हरकत ती काय असणार? शिवाय तारखा डोक्यावर असत. ही पळवाट आपण कधी काढली, हे तिला कुणी विचारलं असतं तरी सांगता आलं नसतं.

मग तो धुलाईखान्याचा माहितीपट आला.

एका धर्मादाय ट्रस्टची मोठाली रुग्णालयं होती आणि त्या सगळ्यांच्या चादरी, गाऊन, ऑपरेशनच्या खोलीतली फडकी एका आवारात धुतली जात. यंत्रं होती, पण यंत्रात घालण्याआधी कपडे हाताने निवडावे लागत, आणि ते निवडायला बायका होत्या. रक्ताने भिजलेल्या फडक्यांच्या घड्यांत वापरलेल्या सुया राहिलेल्या असत. हातमोजे नव्हते. सुई टोचली की मुकादम म्हणे, मुंगी चावली असेल. ट्रस्टच्या मालकाला बायका आपसांत धर्मात्मा म्हणत, कारण आवाराच्या फाटकावर त्याचा हात जोडलेला फोटो होता आणि खाली 'सेवा' असं लिहिलेलं होतं.

बायकांत सगळ्यांत जुनी जी, तिला सगळ्या थोरली म्हणत. तोंडाची फटकळ, जरा गर्विष्ठच, दुसऱ्या बाईने घातलेली चादरीची घडी ती मोडून पुन्हा घाले. तिची धाकटी बहीणही तिथेच कामाला होती आणि वॉर्डांतून कपड्यांची गाठोडी आणायचं काम तिच्याकडे होतं. धाकटीला सुई टोचली, कावीळ झाली आणि दोन महिन्यांत ती गेली. थोरली भरपाई मागायला गेली तेव्हा ट्रस्टने सांगितलं की अशी बाई आमच्याकडे कामाला नव्हतीच. हजेरी तोंडी, पगार हातात, मग कागद कुठून असणार?

मुलाखतीला थोरली ठेवणीतले कपडे घालून आली. केस नीट बांधलेले, कपाळावर एक बटसुद्धा नाही. कॅमेऱ्यासमोर बसल्यावर तिने पहिली गोष्ट विचारली ती ही, "बाई, नीट दिसतेय ना मी?"

"छान दिसताय," टोचणी म्हणाली, आणि लगेच धाकटीच्या शेवटच्या दिवसांवर आली. थोरली सांगत गेली. मध्येच रडली. टोचणीने कॅमेरा थांबवला नाही. चांगला क्षण होता.

धर्मात्म्याची मुलाखत त्याच्या कचेरीत झाली. माणूस बोलका निघाला. त्याला कॅमेऱ्याची भीती नव्हती, उलट कोणती बाजू चांगली दिसते हे त्याला ठाऊक होतं. टोचणीने धाकटीबद्दल विचारलं. त्याने छताकडे पाहून आठवल्यासारखं केलं आणि हसला. "नाही हो. असं कुणी कामालाच नव्हतं. लोक काय, कुणाचंही मेलेलं माणूस आमच्या दारात आणून ठेवतात." असं म्हणून त्याने चहा मागवला.

वाहिनीचा प्रमुख तरुण होता, सगळ्यांना मॅडम आणि सर म्हणणारा आणि कुणाचंच न ऐकणारा. त्याने चित्रण पाहिलं आणि टाळी वाजवली. "मॅडम, जबरदस्त! बाईचा चेहरा मोठा घेऊ. लोक चेहऱ्याला रडतात. साहेबांचा तेवढा झाकू. आपला वकील म्हणतो दावा होईल, आणि ट्रस्टच्या जाहिराती आहेत आपल्याकडे. ट्रस्टचं नावही नको."

"उलटं कर," टोचणी म्हणाली. "त्याचा दाखव, तिचा झाक. तिची नोकरी जाईल."

"साहेबांचा जमणारच नाही."

तीन दिवस ती भांडली. शेवटी प्रमुख म्हणाला, बरं, दोघांचेही झाकू. टोचणी घरी आली ती लढाई मारून आल्यासारखी. नवऱ्याला म्हणाली, "तिला तरी वाचवली." संकलन करणाऱ्या मुलीने धर्मात्म्याच्या तोंडावर एक राखाडी धूर बसवला, तोच उचलून थोरलीच्या तोंडावर चिकटवला, दोघांचेही आवाज एकाच यंत्रातून जाड केले आणि काम संपवलं. टोचणीने ते पाच-सहा वेळा पाहिलं. तिला दोघांची तोंडं पाठ होती, त्यामुळे धुरातूनही ती तिला दिसत राहिली. काही चुकलंय असं तिच्या मनातही आलं नाही.

कार्यक्रम गाजला. दरवर्षी रडणाऱ्या बाई फोनवर रडल्या.

त्यानंतरच्या रविवारी सकाळी दारावर थाप पडली. आईने दार उघडलं तर थोरली उभी. बस म्हटलं तरी बसली नाही.

"बाई, तुमचा सिनेमा पाहिला," ती म्हणाली.

"कुठे पाहिलात?" टोचणी हबकली. "मी येणारच होते तुमच्याकडे..."

"मालकाने दाखवला."

"कुणी?"

"धर्मात्म्याने. आवारात मोठा पडदा लावला, आम्हा सगळ्यांना बसवलं. तो स्वतः पहिल्या खुर्चीत. संपल्यावर उठला, डोळ्यांना रुमाल लावला आणि म्हणाला, असली माणसं समाजात आहेत याची मला लाज वाटते. आपल्याकडे असं कधी होणार नाही. मग सगळ्यांना हातमोजे वाटले, फोटो काढला, आणि फोटो झाल्यावर मुकादमाने हातमोजे परत गोळा केले."

आईला हसू फुटलं आणि तिने ते तोंडावर हात ठेवून दाबलं. टोचणी खुर्चीत बसली. इतकी बक्षिसं मिळवलेली ही बाई, आणि त्या भामट्याने तिचाच माहितीपट भाड्याने आणलेल्या बुरख्यासारखा वापरला होता. बुरखाही तिनेच शिवून दिलेला.

"पण लोकांना कळलं नाही का, तो कोण ते?"

"कसं कळणार? त्यात एक धूर रडतो आणि दुसरा धूर हसतो. माझ्या शेजारची पोरगी मला विचारते, मावशी, यातला वाईट कोण? मी काय सांगू? तोंड चोराचं झाकतात. त्याचं झाकलंत, ठीक आहे. माझं का?"

"तुमची नोकरी जाऊ नये म्हणून," टोचणी म्हणाली. "तुमच्याच भल्यासाठी."

"मला विचारलंत?"

टोचणी उठून तिच्यासाठी खुर्ची ओढायला लागली.

"सगळं विचारलंत. धाकटी कशी गेली, शेवटी काय म्हणाली, पाणी कुणी पाजलं. मी रडले तरी थांबला नाहीत. एवढं एकच विचारायचं राहिलं." थोरलीचा आवाज चढला. "मी एवढी नटून आले ती काय हौस होती म्हणून? मी आणि धाकटी तोंडाने सारख्या. आई हाक मारताना चुकायची. ती रोज वॉर्डावॉर्डांतून हिंडायची. म्हटलं, माझं तोंड टीव्हीवर दिसेल, दवाखान्यातलं कुणीतरी बघेल आणि म्हणेल, अरे, ही तर कपडे न्यायला यायची! तो म्हणतो ना, असं कुणी नव्हतंच? एक माणूस जरी म्हणालं की होती, तरी मला पुरे होतं. माझ्याकडे दुसरा पुरावा काय आहे? हे तोंड होतं, तेही तुम्ही पुसलंत."

टोचणीला शरम वाटली. आयुष्यभर ती दुसऱ्यांची खोडलेली ओळ शोधत हिंडली होती, आणि इथे खोडणारी तीच होती. त्या अर्धा उठून फोनवर बोलणाऱ्या संपादकाने निदान तिला बोलावून तरी घेतलं होतं.

दुसऱ्या दिवशी ती वाहिनीत गेली आणि म्हणाली, दोघांचे चेहरे उघडे करून पुन्हा दाखवा. प्रमुखाने तिच्याकडे कीव केल्यासारखं पाहिलं.

"मॅडम, झाका असं तुम्हीच म्हणालात. आणि आता तर ट्रस्टच आपल्या पुढच्या मालिकेचा प्रायोजक आहे. त्यांना विषय फार भिडला."

"भिडला?"

"साहेब स्वतः म्हणाले, अन्यायावर आणखी काम झालं पाहिजे."

"तो हसतोय त्यात! मेलेल्या बाईबद्दल बोलताना हसतोय!"

"ते दिसत नाही ना पण." प्रमुखाने करारपत्राची प्रत काढून पुढे सरकवली. चित्रण वाहिनीच्या मालकीचं, मंजुरीशिवाय कुठेही दाखवलं तर खटला. "आणि मॅडम, मग या धंद्यात तुम्हाला कोण काम देणार? मला वाईट वाटेल हो."

त्याला वाईट वाटेल हे ऐकून टोचणीला इतकं हसू आलं की बाहेर लिफ्टची वाट बघणारे मागे वळून पाहू लागले. त्या हसण्यातच तिचं ठरलं. घरी येऊन तिने मूळ चित्रण काढलं आणि स्वतःच्या हाताने दोन्ही तोंडांवरचा धूर उतरवला, आवाज मोकळे केले. नवऱ्याने मागे उभं राहून सगळं पाहिलं. तो म्हणाला, "खटला माझ्या पगारात बसणार नाही." मग जरा थांबून म्हणाला, "पण शिकवण्या घेता येतील." आईने फक्त एवढंच विचारलं की यात माणसं नीट दिसतात का, दिसत असतील तर मीपण येते.

या वेळी ती आधी थोरलीकडे गेली. सगळं सांगितलं, तुमची नोकरी जाईल, हेही सांगितलं.

"आणि तुमची?" थोरलीने विचारलं.

"माझीही."

"मग लावा," थोरली म्हणाली.

जागा थोरलीनेच निवडली. रुग्णालयाच्या मागे नर्स आणि वॉर्डबॉय लोकांची वसाहत होती. तिथल्या मोकळ्या अंगणात, एका इमारतीच्या पांढऱ्या भिंतीवर, संध्याकाळी अंधार पडता पडता माहितीपट लागला. ड्यूटीवरून आलेल्या बायका भाजीच्या पिशव्या घेऊनच उभ्या राहिल्या. वरच्या गॅलऱ्यांतून माणसं डोकावली. इथे गार हवा नव्हती आणि हातात बशी घेतलेलं कुणी नव्हतं.

आधी धर्मात्मा आला. भिंतभर तोंड, मऊ हसू, सोनेरी दात. अंगणात कुजबूज झाली. त्याला सगळेच ओळखत होते, पगाराच्या पाकिटावरही त्याचा फोटो असे. "असं कुणी कामालाच नव्हतं," तो भिंतीवरून म्हणाला आणि हसला.

मग थोरली आली. नीट बांधलेले केस, ठेवणीतले कपडे. मागून कुणीतरी ओरडलं, "थांबवा! थांबवा ते!"

टोचणीला वाटलं, आले ट्रस्टचे लोक. पण ओरडणारी एक वयस्क नर्स होती. पायातली चप्पल सुटली तरी न थांबता ती पुढे आली आणि भिंतीकडे बोट करून म्हणाली, "ही तर आमच्या वॉर्डात यायची! गाठोडं न्यायला. रोज यायची. मीच हिच्या बोटाला पट्टी बांधली होती, सुई लागली तेव्हा. म्हटलं, जाऊन रक्त तपासून घे. नंतर आलीच नाही. कुठे असते ही आता?"

थोरली उभी राहिली. नर्स तिच्याकडे बघतच राहिली.

"ती गेली," थोरली म्हणाली. "मी तिची बहीण."

भिंतीवर थोरलीचं तोंड थांबून राहिलं होतं आणि त्याच्या खाली खरी थोरली रडत होती, आणि या वेळी टोचणीने कॅमेऱ्याला हात लावला नाही. रडू ओसरल्यावरच ती नर्सजवळ गेली.

"आत्ता जे म्हणालात, ते कॅमेऱ्यासमोर सांगाल?"

नर्सने वर गॅलऱ्यांकडे पाहिलं. तिचं घर त्यातच होतं, ट्रस्टने दिलेलं. घरात आजारी नवरा होता. तिने गणवेशावरचा बिल्ला काढून मुठीत धरला.

"सांगते," ती म्हणाली. "पण तोंड झाकाल ना माझं?"

टोचणीने थोरलीकडे पाहिलं. थोरलीने डोळे पुसले, नाक पुसलं, आणि तिच्या नेहमीच्या फटकळ आवाजात म्हणाली,

"झाका की. तिने स्वतः मागितलंय. फक्त त्याच्यासारखी दिसायला नको."